बे पोढियो : जुन्नरच्या एका विसरलेल्या शब्दाची उलटतपासणी

'बे एके बे, बे दुणे चार' हे एका सुरात म्हणताना 'बे' म्हणजे काय, असे आमच्या वर्गात कोणी विचारल्याचे मला आठवत नाही. गुरुजींनीही ते सांगितले नाही. 'दोन' हा शब्द दुकानात, घरात, खेळात चालायचा आणि 'बे' फक्त पाढ्यात. वाण्याकडे जाऊन 'बे पेन्सिली द्या' असे कोणी म्हटले असते तर सगळे हसले असते. पुढे कॉलेजात गुजराती मित्राच्या तोंडी रोजच्या व्यवहारातला 'बे' ऐकला तेव्हा गंमत वाटली, आणि त्यानंतर बऱ्याच वर्षांनी जुन्नरच्या कोरीव लेखांचे वाचन करताना तो पुन्हा समोर आला. लेख एका ओळीचा आहे : 'यवनस इरिलस गतान देयधम बे पोढियो'. गतांपैकी यवन इरिल याचे धर्मदान, दोन पोढ्या.

जवळजवळ दोन हजार वर्षांपूर्वीची ही ओळ. तिच्यातला 'बे' आज दुसरीतल्या मुलालाही कळतो. 'यवन' आपल्याला ठाऊक आहे. 'देयधम' म्हणजे देयधर्म, द्यायचे ते दान, हेही थोडा विचार केला तर उमगते. अडतो तो शेवटचा शब्द. 'पोढी' आज कोणी म्हणत नाही. जुन्नरात नाही, आंबेगावात नाही, पुण्यात तर नाहीच. गड-लेण्यांच्या वाटा तुडवणारी काही मंडळी अलीकडे तो पुस्तकांतून उचलून वापरतात, पण ते त्याचे पुनर्वसन झाले. तो जगला असे म्हणता येणार नाही.

या शब्दाशी माझे जुने देणे आहे. काही वर्षांपूर्वी एका स्मरणिकेसाठी लिहिताना मी ठोकून दिले होते की, पोढी म्हणजे पुष्करिणी, आणि आंबेगाव तालुक्यातल्या पोखरी गावाच्या नावातही हाच शब्द दडलेला आहे. त्या वेळी शोध लागल्याचा आनंद मोठा होता, त्यामुळे पुरावा तपासायची घाई कोणाला होती? पुढे लेण्याद्रीच्या पायऱ्यांवर सहलीच्या मुलांना घेऊन आलेले एक शिक्षक तेच वाक्य अगदी माझ्याच शब्दांत सांगताना मी ऐकले. मुले ते वहीत उतरवून घेत होती. मी पुढे होऊन काही बोललो नाही. या लेखाचे मूळ त्या न बोलण्यात आहे.

१

पोढी हा शब्द जुन्नरच्या लेण्यांत एकट्या इरिलाच्या दानात येत नाही. जुन्नरभोवतीच्या डोंगरांत लेण्याद्री, मानमोडी, शिवनेरी, तुळजा असे लेण्यांचे गट आहेत आणि एकूण खोदकामांची संख्या दोनशेच्या वर जाते. नाणेघाटातून कोकणात, कल्याण-सोपाऱ्याकडे उतरणारा व्यापारी मार्ग इथूनच जात असल्यामुळे दात्यांची यादीही रंगीबेरंगी आहे. पोढीचे दान देणारे तीन दाते आपण शेजारी उभे करून पाहू.

पहिला हा यवन इरिल. दुसरे दाते म्हणजे धान्य विकणाऱ्यांची श्रेणी, लेखाच्या भाषेत 'धंञिकसेणि'. त्यांनी 'सतगभ' आणि पोढी दिली. सतगभ म्हणजे सात गर्भांचे, सात खोल्यांचे लेणे. यातला 'गभ' आपल्या 'गाभा' आणि 'गाभारा' या शब्दांत अजून आहे. तिसरा दाता थेट राजदरबारातला : महाक्षत्रप स्वामी नहपान याचा अमात्य, वत्सगोत्री अयम. मानमोडीच्या डोंगरातल्या भीमाशंकर गटात त्याचा लेख आहे. त्याने पोढी आणि मंडप दिला, पुण्यासाठी दिला, आणि वर्ष ४६ असे नोंदवले. ही शकगणना धरली तर इ. स. १२४ हे वर्ष येते.

एक परदेशी वंशाचा माणूस, एक व्यापारी संघटना आणि एक मंत्री. तिघांची ऐपत वेगळी, तिघांचे जग वेगळे. पण दानाच्या वस्तूसाठी तिघांनी एकच शब्द वापरला. याचा अर्थ, पोढी हा विद्वानांचा शब्द नव्हता आणि एखाद्या जमातीचा खासगी शब्दही नव्हता. बाजारात, मठात आणि कचेरीत तो सारखाच समजत होता. शिवाय तो जुन्नरपुरता नव्हता. कान्हेरीला तो आहे, कुड्याला आहे, नाशिकला आहे. सह्याद्रीच्या दोन्ही अंगांना, जिथे जिथे खडकात भिक्षूंसाठी निवारे खोदले गेले, तिथे तो कमीअधिक प्रमाणात भेटतो.

अर्थ कसा ठरला? पंडित भगवानलाल इंद्रजी आणि जेम्स बर्जेस यांनी पश्चिम भारतातील लेण्यांमधल्या कोरीव लेखांचे पुस्तक १८८१ साली प्रसिद्ध केले, तेव्हापासून पोढी म्हणजे पाण्याचे टाके हा अर्थ रूढ आहे. त्याला कोशाचा आधार लागला नाही. लेख ज्या जागी खोदलेला असतो तिथे शेजारीच खडकात कोरलेले टाके असते. दानाच्या यादीत लेणे आणि मंडप यांच्या जोडीने पोढी येते. मठाला ज्यांच्यावाचून चालणार नाही अशा गोष्टी मोजल्या तर निवारा, भोजन आणि पाणी एवढ्याच उरतात. शब्द आणि वस्तू एकाच कातळावर आहेत. ज्याला शंका असेल त्याने जाऊन वाकून पाहावे.

२

अर्थ मिळाला की माणसाचे समाधान होत नाही, त्याला मूळ हवे असते. माझेही तसेच झाले होते. आता नव्याने तपासायचे तर व्युत्पत्तीला तीन कसोट्या लावायला हव्यात : ध्वनी जुळतो का, अर्थ जुळतो का, आणि मधल्या काळातल्या वापराने दोन्ही टोके जोडली जातात का.

माझी जुनी लाडकी पुष्करिणी आधी घेऊ. अर्थ जवळचा आहे, पाण्याचेच ठिकाण. पण ध्वनी? संस्कृत 'ष्क'चे प्राकृतात 'क्ख' होते. पुष्करिणीचे पालीत 'पोक्खरणी' होते आणि तिथून 'पोखरण', 'पोखर' अशी रूपे सरळ उतरतात. 'क्ख'चा 'ढ' कोणत्याही वाटेने होत नाही. आरंभीचा 'पो' तेवढा सारखा आहे, आणि मी त्याच्यावरच भाळलो होतो. एका अक्षराच्या साम्यावर नाते जोडायचे ठरवले तर पोळी आणि पोथीही बहिणी ठरतील.

दुसरा उमेदवार 'प्रहि'. अमरकोशात विहिरीच्या पर्यायांत हा शब्द आहे. अर्थाच्या दृष्टीने याच्याइतका जवळचा शब्द संस्कृतात शोधून सापडायचा नाही. पण 'प्रहि'मधल्या 'ह'चा 'ढ' व्हायला आणि 'प्र'चा 'पो' व्हायला एकाच वेळी दोन अपवाद मान्य करावे लागतात. एक अपवाद चालवून घेता येतो. दोन घेतले की नियमच उरत नाही.

तिसरा 'प्रौढ'. इथे ध्वनी बिनचूक बसतो. 'प्रौढ'चे प्राकृतात 'पोढ' होणार यात वाद नाही. जुन्या मराठीत 'पोढा' म्हणजे थोर, भक्कम असा शब्द आहेच. पण पाण्याच्या टाक्याला 'थोर' किंवा 'भक्कम' का म्हणावे? मोठे टाके ते पोढी, असे म्हणावे तर अगदी लहान टाक्यांनाही हेच नाव आहे. म्हणजे अर्थाचा धागा आपल्याला ओढूनताणून आणावा लागतो.

थोडक्यात, ध्वनी जुळतो तिथे अर्थ जुळत नाही, आणि अर्थ जुळतो तिथे ध्वनी हटून बसतो. अशा वेळी एक महत्त्वाचा साक्षीदार बोलवायला हवा. नाशिकच्या पांडवलेण्यांतल्या १० क्रमांकाच्या लेण्यात नहपानाचा जावई उषवदात याचा प्रसिद्ध लेख आहे. हा लेख लिहिणाऱ्याची ओढ संस्कृताकडे आहे. वाक्ये संस्कृत वळणाची, विभक्ती शक्य तिथे संस्कृत. पण हे लेणे करवले असे सांगून झाल्यावर पुढे शब्द येतात ते 'इमा च पोढियो'. आणि या पोढ्या. संस्कृत लिहायचा एवढा सोस असलेल्या माणसाने 'पोढियो' तसाच ठेवला. त्याला याचा संस्कृत पर्याय उघड दिसत असता, तर त्याने तो वापरला असता असे मानायला जागा आहे. लिहिणाऱ्याच्या काळीच हा शब्द संस्कृतापासून तुटलेला, स्वतःच्या पायावर उभा असलेला होता.

याला आपल्याकडे जुने आणि सन्मानाचे नाव आहे : देशी. बाराव्या शतकात हेमचंद्राने 'देशीनाममाला' रचली, ती मुळी अशाच शब्दांसाठी, जे संस्कृतातून नियमाने सिद्ध होत नाहीत. प्रत्येक शब्दाला संस्कृत आईबाप मिळवून दिलेच पाहिजेत, असा हट्ट त्या संस्कृत पंडिताने धरला नव्हता. आपण मात्र तो धरतो. पोढी देशी म्हणून सोडून दिली तर आपल्याला काहीतरी अपुरे राहिल्यासारखे वाटते. ही अस्वस्थता भाषेच्या अभ्यासातून आलेली नसून कुळाच्या अभिमानातून आली आहे, अशी मला शंका आहे.

३

मूळ शोधण्याचा हा नाद किती दूर नेऊ शकतो, याचे उदाहरण इरिलाच्या त्याच ओळीत आहे. 'गतान' हा तिच्यातला तिसरा शब्द. जुन्नरच्याच दुसऱ्या एका लेखात चिट नावाच्या यवनाने संघाला भोजनमंडप दिल्याचे म्हटले आहे, त्यालाही 'गतान' हेच विशेषण आहे. हे गत कोण? नॉर्वेचे विद्वान स्टेन कोनोव यांनी १९१२ साली मांडले की, हे गत म्हणजे युरोपातले गॉथ. गॉथ, म्हणजे पुढे रोम लुटणारी ती जर्मानिक टोळी, तिचे दोन लोक जुन्नरला येऊन एकाने टाकी आणि दुसऱ्याने जेवणघर दिले!

कोनोव हे काही हौशी गृहस्थ नव्हते. खरोष्ठी लेखांवरचे त्यांचे काम आजही आधाराला घेतले जाते. पण इथे त्यांच्याजवळ काय होते? दोन अक्षरांचे साम्य. पोढीजवळ पाणी होते, म्हणून तिचा अर्थ कोणाला बहकवू शकला नाही. 'गतान'शेजारी अशी कोणतीही वस्तू नव्हती, म्हणून तिथे कल्पनेला मोकळे रान मिळाले. पुढच्या अभ्यासकांनी गॉथांची कल्पना स्वीकारली नाही. मी स्वतः जेव्हा पुष्करिणी आणि पोखरी यांची सांगड घातली, तेव्हा नेमके हेच केले होते. फक्त माझे गॉथ घरचे होते, त्यामुळे त्यांना कोणी हरकत घेतली नाही.

अशीच गोष्ट नाणेघाटाची. घाटमाथ्यावर दगडी रांजण आहे. येणाऱ्या-जाणाऱ्या व्यापाऱ्यांनी त्यात जकातीची नाणी टाकायची, म्हणून हा नाणेघाट, ही कथा आपण सगळ्यांनी ऐकली आहे आणि बहुतेकांनी पुढे सांगितली आहे. ती अशक्य मुळीच नाही. घाट व्यापाराचा होता आणि जकात कोणीतरी घेतच असणार. पण घाटातल्या गुहेत सातवाहन राणी नागनिकेचा जो मोठा लेख आहे त्यात यज्ञ आहेत, दक्षिणा आहे, गाई आहेत, घोडे आहेत, आणि 'काहापण', म्हणजे कार्षापण ही नाणीही आहेत. जकात नाही. नाणी आहेत ती ब्राह्मणांना दिलेली. आणि ज्या शब्दावर सगळी कथा उभी आहे तो 'नाणे' या अर्थी लेखात 'काहापण' असा येतो; तो शब्द मराठीने टाकून दिला. इंग्रजांच्या जुन्या कागदांत हाच घाट 'नानाघाट' होतो आणि शेजारचा सुळका 'नानाचा अंगठा' होऊन बसतो. म्हणजे एकाच नावातून कोणाला नाणे ऐकू आले आणि कोणाला नाना. रांजण तर जागेवरच आहे. पण त्यात नाणी पडत होती की पावसाचे पाणी, हे तो सांगत नाही.

आणि 'लेणे'? या शब्दाबद्दल तर आपण कविताच करून ठेवली आहे. डोंगराच्या अंगावर घातलेला दागिना म्हणून ते लेणे, असे मी कितीतरी भाषणांत ऐकले आहे. कल्पना गोड आहे. पण दागिन्याचे लेणे हे काजळ लेणे, कुंकू लेणे यातल्या क्रियापदाचे भावंड, आणि डोंगरातले लेणे म्हणजे लेखांतला 'लेण', संस्कृत 'लयन', आसऱ्याची जागा. दोन वेगळे शब्द काळाच्या ओघात झिजून एका रूपाला आले. दागिना म्हटले की डोळ्यांसमोर शिल्प येते; आसरा म्हटले की पावसाळ्याचे चार महिने अंग टेकायला जागा शोधणारा भिक्षू येतो. जुन्नरची बहुतेक लेणी साधी आहेत, बिनसजावटीची आहेत. त्यांच्यासाठी दुसरा अर्थच खरा आहे, आणि गोड अर्थाने तो झाकला गेला आहे.

४

मग पोढीची जागा कोणी घेतली? टाक्याने. शिवनेरीवर गंगा-जमुना ही टाकी आहेत. चावंडला सात टाक्यांचा समूह सप्तमातृका या नावाने ओळखला जातो. आज या मुलखात खडकात कोरलेल्या पाणीसाठ्याला टाके याखेरीज दुसरे नाव नाही.

टाके हा शब्दही पाहण्यासारखा आहे. संस्कृतात 'टङ्क' म्हणजे दगड फोडायची छिन्नी. पाथरवटाची 'टाकी' तीच. टाकीने कोरले ते टाके, ही व्युत्पत्ती ध्वनीच्या आणि अर्थाच्या दोन्ही कसोट्यांना उतरते, म्हणून मला ती मान्य करावीशी वाटते. ती खरी असेल तर या दोन शब्दांच्या बदलात एक दृष्टी बदललेली दिसते : नव्या नावात पाण्यापेक्षा हाताला आणि हत्याराला मान आहे.

पुढचा प्रवास आणखी मौजेचा. पश्चिम किनाऱ्यावर पोर्तुगीज उतरले तेव्हा त्यांच्या भाषेत तळ्यासाठी 'तान्क' असा शब्द आधीच होता. तो लॅटिनकडून आलेला, पाणी साचणे-अडवणे या अर्थाच्या घराण्यातला. आपल्याकडे मराठीत टाके आणि गुजरातीतही जवळपास तसाच शब्द. दोन अनोळखी शब्द एका बंदरात भेटले आणि एकमेकांसारखे दिसतात हे पाहून एकत्र राहू लागले. सतराव्या शतकाच्या आरंभी हिंदुस्थानात आलेल्या इंग्रजांनी 'टँक' उचलला तो या दोघांपैकी नेमका कोणाकडून, हे कोशकारांना आजही एका वाक्यात सांगता येत नाही. मग आपण तोच शब्द त्यांच्याकडून परत घेतला आणि घरावर पाण्याची टाकी बसवली. पहिल्या महायुद्धात इंग्रजांनी एक चिलखती गाडी गुपचूप बनवली, तेव्हा कारखान्यातल्या लोकांना संशय येऊ नये म्हणून तिला पाण्याची टाकी म्हणायचे ठरले. १५ सप्टेंबर १९१६ रोजी सोमच्या रणभूमीवर ती पहिल्यांदा उतरली आणि 'रणगाडा' हा टँकचा नवा अर्थ जगभर गेला.

पण मला इंग्रजीतला याहून जास्त हेवा वाटतो तो एका मेलेल्या शब्दाचा. इंग्रजीत पूर्वी डबके, तळे, पाण्याचा चर यांसाठी 'स्टँक' असा शब्द होता. जुन्या फ्रेंचमधल्या 'एस्तांक'वरून तो आला. म्हणजे पोर्तुगीज 'तान्क'चा सख्खा चुलतभाऊच. स्कॉटलंड आणि उत्तर इंग्लंडच्या बोलींत तो रेंगाळला, बाकी प्रमाण भाषेतून गेला. आज 'स्टँक' म्हटले की इंग्रजी वाचकाला दुर्गंधी सुटल्याचे भूतकाळी क्रियापद आठवते, तळे आठवत नाही. घरातला जुना शब्द गेला आणि त्याचाच भाऊबंद समुद्रावरून हिंदुस्थानची हवा खाऊन 'टँक' म्हणून परत आला, हे कोणाच्या लक्षातही आले नाही.

हेवा वाटण्याचे कारण वेगळे आहे. स्टँक मेला तरी तो कोणत्या गावात, कोणत्या शतकापर्यंत आणि कोणत्या अर्थाने बोलला जात होता, याची नोंद इंग्रजांच्या बोलीकोशांनी केली. पोढीच्या बाबतीत कातळावरच्या ओळी आहेत आणि नंतर एकदम टाके आहे. मधल्या शतकांत पाणी भरणाऱ्या बायका काय म्हणत होत्या, ते कोणी लिहून ठेवले नाही.

५

माझी चूक जिथे घडली त्या आंबेगावाकडे आता वळायला हवे. या तालुक्याचे नाव ज्या गावावरून पडले ते जुने आंबेगाव घोड नदीवरच्या डिंभे धरणाच्या पाण्यात गेले. जलाशयाला आज हुतात्मा बाबू गेनू सागर असे नाव आहे. तालुक्याच्या कचेऱ्या घोडेगावात, बाजार मंचरला, आणि नाव मात्र पाण्याखालच्या गावाचे. पोढीचे जे झाले त्याच्या उलटे हे आहे. तिथे वस्तू राहिली आणि शब्द गेला. इथे शब्द राहिला आणि वस्तू गेली.

याच तालुक्यात भीमाशंकरच्या बाजूला पोखरी हे गाव आहे. नावाचा संबंध पुष्करिणीशी असू शकतो. पोखरणे या क्रियापदाशीही असू शकतो. पोढीशी मात्र नाही. ध्वनीच्या नियमाने ते दार बंद आहे. मी स्मरणिकेत लिहिलेले वाक्य चुकीचे होते, आणि ज्या शिक्षकांनी ते मुलांना सांगितले त्यांचा त्यात काही दोष नाही. छापलेल्या अक्षरावर त्यांनी विश्वास ठेवला.

त्या पश्चिमेकडच्या डोंगरी भागात, एका गडाच्या पायथ्याच्या वस्तीवर, दोन वर्षांपूर्वी मार्च महिन्यात मी थांबलो होतो. खडकात कोरलेली दोन टाकी शेजारीशेजारी होती. एक म्हातारी हंडा घेऊन आली. मी विचारले, "आजी, याला काय म्हणता तुम्ही?"

"टाकं. आनि काय म्हननार?"

"दोन्ही टाकीच?"

तिने माझ्याकडे जरा नवलाने पाहिले. "दोन्ही कशी सारखी व्हतील बाबा? ह्ये प्यायाचं हाय. त्ये वापरायचं. त्याच्यात पाय घातला तरी चालंल, ह्याच्यात न्हाई."

मी तिथेच बसून राहिलो. कान्हेरीच्या लेखांत 'पानियपोढी' असा जोडशब्द येतो. पोढी म्हणजे पाण्याचे टाके हे ठरल्यावर त्याला आणखी 'पानिय' कशाला जोडले, हा प्रश्न मला पूर्वी पडला नव्हता. म्हातारीचे बोलणे ऐकून तो पडला आणि त्याच क्षणी सुटलाही. पानिय म्हणजे नुसते पाणी नव्हे, प्यायचे. म्हणजे न प्यायचीही पोढी असणार. अंघोळीची, धुण्याची, पाय घालायची. जिथे बारा महिने माणसे राहतात तिथे पाण्याची ही वाटणी असतेच. मग इरिलाने दिलेल्या 'बे पोढियो' या नुसत्या दोन टाक्या होत्या, की एक प्यायची आणि एक वापरायची अशी जोडी होती? लेख एवढेच सांगतो की दोन होत्या. पण दोनाचा आकडा कोरायला त्याने जागा आणि पैसा खर्च केला, आणि तो का केला असेल हे मला पहिल्यांदा त्या खडकावर बसल्यावर जाणवले. पुराव्याने सिद्ध झालेले हे विधान नाही, हा अंदाज आहे, आणि आता मी अंदाजाला अंदाजच म्हणतो.

व्युत्पत्तीवर माझा राग नाही. 'जुन्नर' हे नाव 'जीर्णनगर'वरून आले, यात 'जीर्ण'चे 'जुण्ण' आणि 'जुण्ण'चा 'जुना' ही साखळी डोळ्यांसमोर असते, म्हणून ती पटते. मानमोडीतल्या दानलेखांत करंजाच्या आणि वडाच्या झाडांशी असलेली जमीन दिल्याच्या नोंदी आहेत, 'निवतन' या मापात. ते माप गेले, पण करंज आणि वड यांना आजही कोशाची गरज नाही. झाडे उभी आहेत. माझी तक्रार आहे ती मूळ सांगितले की शब्द समजला, या समजुतीशी. पोढीचे मूळ सिद्ध होत नाही आणि तरीही पोढी पूर्णपणे समजते. गताचे मूळ फार विद्वत्तेने सांगितले गेले आणि गत अजूनही समजत नाही.

असे करण्याने बिघडते काय, असे कोणी विचारील. एक तर, गावांची नावे आजकाल वादाला कारण होतात. कोणते गाव कोणाचे, कोण आधी आले, कोणी बाटवले, हे सगळे नावाच्या दोन अक्षरांवरून ठरवणारे फलक आणि पुस्तिका आपल्या आजूबाजूला आहेत. मी स्मरणिकेत जे केले ते निरुपद्रवी होते, पण पद्धत तीच होती. आणि दुसरे, आपण मुळांच्या मागे धावत असताना शब्द ज्यांच्या वापरात आहेत ती माणसे समोरून निघून जातात. प्यायच्या टाक्याला आणि वापरायच्या टाक्याला त्या वस्तीवर वेगळी नावे असती, तर मी ती लिहून आणली असती का? खरे सांगायचे तर त्या दिवशी माझ्या वहीत संस्कृत धातूंची टिपणे होती. म्हातारीची वाक्ये मी घरी आल्यावर आठवून लिहिली.

यंदा पावसाळ्याआधी पुन्हा लेण्याद्रीला गेलो. पायऱ्यांवर सहल होती, दुसरी शाळा, दुसरे गुरुजी. मी त्यांना थांबवून माझी ओळख करून दिली आणि म्हटले, मुलांना एक लहानशी गोष्ट सांगायची आहे. मग मी इरिलाची ओळ खडूने फरशीवर लिहिली आणि विचारले, यातला कोणता शब्द तुम्हाला येतो? थोडा वेळ कोणी बोलले नाही. मग मागच्या रांगेतली एक मुलगी पुढे आली, तिने 'बे'वर बोट ठेवले आणि सुरात म्हणाली, "बे एके बे." सगळे हसले. "बरोबर," मी म्हटले, "आणि पुढचा शब्द म्हणजे काय, ते वर गेल्यावर वाकून पाहा."